चार बोटांची फट

मी आधी त्याचा चेहरा पाहिलाच नाही. पाहिली ती बाही.

सकाळी सहाची बस होती. जंगलातल्या पडक्या देवळांची एक दिवसाची सहल. नाव मावशीनं स्वतःसाठी नोंदवलेलं, पण ऐन वेळी तिचा गुडघा सुजला आणि तिनं मला उठवून पाठवलं. "जा तू. बारा महिने कात्री धरून मान वाकडी झालीय तुझी. जरा वर बघ," म्हणाली. मावशीचं शिवणाचं दुकान आहे आणि तिथली सगळी कापाकापी माझ्याकडे असते. सुट्टीच्या दिवशी दगड बघायला जायची मला मुळीच हौस नव्हती. बसमध्ये चढले तर एकच जागा रिकामी, अगदी पुढची, गाइडच्या शेजारची.

तो उभा राहून माणसं मोजत होता. मोजताना हात वर करायचा, आणि हात वर केला की शर्ट खांद्यातून असा काही ओढला जायचा की माझी नजर तिथून हटेना. धंद्याची खोड! लोक समोरच्याचे डोळे बघतात, हसणं बघतात. मी शिवण बघते.

"एकोणीस," म्हणत तो शेजारी टेकला. मग हळूच म्हणाला, "माझ्या खांद्यावर काही बसलंय का?"

"नाही."

"मघापासून बघताय म्हणून विचारलं."

गप्प बसायला हवं होतं. अंगावरच्या कपड्याला तोंडावर नावं ठेवायची नाहीत, हा मावशीच्या दुकानाचा नियम आहे. पण दुकान आता मागे राहिलं होतं.

"तुमच्या बाह्या उलट्या लागल्यात," मी म्हटलं. "उजवी डावीकडे आणि डावी उजवीकडे. कफची चीर बघा ना, ती मागच्या अंगाला हवी. तुमची पोटाकडे आलीय."

त्यानं दोन्ही हात समोर धरले आणि आज पहिल्यांदाच भेटल्यासारखं त्यांच्याकडे पाहिलं. "तरीच! हात वर केला की शर्ट म्हणतो, घे खाली."

मला हसू फुटलं. "कुणी शिवला?"

"शर्ट शिंप्यानंच शिवलाय. बाह्या खांद्यातून उसवल्या होत्या, त्या मी लावल्या. शर्ट खिळ्याला टांगला, पुढ्यात बसलो. उजवी बाही उजवीकडे, डावी डावीकडे. चुकलं कुठं?"

"शर्टाचं तोंड तुमच्याकडे होतं. समोरच्याचं उजवं आपल्या डाव्या हाताला असतं."

त्यानं कफची चीर बोटानं चाचपली. मग म्हणाला, "हे मला कुणी आधी सांगितलं असतं ना, तर आयुष्यातले बरेच घोटाळे टळले असते." आणि तेव्हा मी त्याचा चेहरा पाहिला. उन्हानं रापलेला, पस्तिशीचा. हसताना आधी डोळे हसायचे आणि ओठ मागून यायचे.

"तुम्ही शिवता?"

"मी कापते. शिवणारे वेगळे."

"म्हणजे कटिंग मास्तर," तो म्हणाला. "बरं झालं मास्तर, ओळख झाली."

झालं. दिवसभर मी मास्तर.

बस सोडल्यावर पाऊण तास चालायचं होतं. वाट अरुंद, खाली कुजलेल्या पानांचा मऊ थर. तो पुढे चालायचा आणि आडव्या आलेल्या फांद्या धरून ठेवायचा, सगळी माणसं जाईपर्यंत. मी मुद्दाम मागे राहिले नव्हते... म्हणजे, थोडीशी राहिले होते. माझ्या वेळी फांदी जरा जास्तच वर गेली असं मला वाटलं. ओढ्यात दगडावरून दगडावर उड्या मारायच्या होत्या. त्यानं हात दिला नाही, नुसतं पाऊल कुठं ठेवायचं ते बोटानं दाखवलं. हात दिला असता तर बरं झालं असतं, असं वाटलं आणि माझी मलाच लाज वाटली.

देवळं अशी समोर येत नाहीत. झाडं बघता बघता कळतं की त्यातली काही झाडं नसून खांब आहेत. मुळांनी भिंती धरून ठेवल्यात आणि भिंतींनी मुळं. पक्षीसुद्धा बेताने बोलत होते. गर्दी नाही, दुकानं नाहीत, नारळवाला नाही. गाभाऱ्यात मूर्तीही नाही, रिकामा चौथरा तेवढा.

त्या गाभाऱ्याच्या मागच्या भिंतीत हातभर लांबीरुंदीची एक खिडकी आहे. अकराच्या सुमाराला तिच्यातून ऊन येतं आणि बरोबर तिसऱ्या पायरीवर पडतं. जेमतेम दहा-बारा मिनिटं. बाकीची मंडळी खांबांशी फोटो काढत रेंगाळली होती. मी एकटीच पायरीवर उभी होते, आणि ऊन आलं. माझ्या पावलांवर, मग गुडघ्यांवर...

तो खाली उभा होता. हलक्या आवाजात म्हणाला, "हजार वर्षं हे ऊन रोज येतं, रिकामी पायरी बघतं, परत जातं." मग थांबला. माझ्याकडे पाहिलं. "आज त्याचा हेलपाटा वाचला."

माझ्या कानाच्या पाळ्या तापल्या. एकतिसाव्या वर्षी!

शेवटी त्यानं आम्हाला दगडी चौकट दाखवली. देवळाच्या आवाराचं मोठं दार. दोन्ही बाजूंनी वेलीची नक्षी वर चढत गेलेली, प्रत्येक दगडावर पांढऱ्या रंगात आकडा आणि त्यापुढे उ किंवा डा, म्हणजे उजवा किंवा डावा. पूर्वी हे सगळे दगड जमिनीवर पसरलेले होते. अकरा वर्षांपूर्वी सरकारी तुकडी आली, तोही तिच्यात होता. तुकडीनं दगडांवर आकडे घातले, नकाशाबरहुकूम चौकट उभी केली. आणि ती बसेना. उंबऱ्यापाशी फट राहिली. दगड झिजले असतील, हरवले असतील, असं म्हणत लाकडी टेकू लावून तुकडी निघून गेली.

"चार बोटांची फट," म्हणत त्यानं आपली बोटं आत सरकवून दाखवली. मीही सरकवली. आत गार होतं. त्याची बोटं वीतभर वर होती, माझी खाली, आणि मधला दगड अगदी निगरगट्ट.

"तुकडी गेली, तुम्ही राहिलात?" मी विचारलं.

"फट बुजायची वाट बघतोय," तो म्हणाला. मी ती थट्टाच समजले.

पंधरा दिवस मला धड झोप नव्हती. मी मनाला बजावत होते की ही त्या चौकटीची चुटपुट आहे. फोनमध्ये तिचा फोटो होता, तो मी दिवसातून वीसदा मोठा करून बघायची. कोपऱ्यात टेकूला रेलून तो उभा आलेला, हा निव्वळ योगायोग.

"कोण गं हा?" मावशीनं मागून विचारलं.

"चौकट बघतेय मी."

"हो का? चौकटीला मिशा आहेत वाटतं!"

आणि एका दुपारी टेबलावर शर्टाच्या बाह्या कापून ठेवल्या असताना मला दिसलं. बाहीच्या माथ्याची एक कड खोलगट असते, दुसरी फुगीर. खोलगट पुढे, फुगीर मागे. फोटोतल्या प्रत्येक दगडाचीही एक कड खोलगट होती, एक फुगीर, आणि सगळ्या खोलगट कडा बाहेर तोंड करून होत्या. वेलीची पानंसुद्धा दाराकडे वळायची सोडून दाराकडे पाठ फिरवून बसलेली. दगड झिजले नव्हते की हरवले नव्हते. चौकटीला बाह्या उलट्या लागल्या होत्या! उजवं म्हणजे कुणाचं उजवं, तिथेच कुणीतरी चुकलं होतं. आमच्याकडे पहिल्या दिवशी शिकवतात, उजवं ते घालणाऱ्याचं, बघणाऱ्याचं नाही. देवळात ते आत बसलेल्या देवाचं असणार. आकडे घालणारा मात्र बाहेर अंगणात उभा राहिला होता.

मी कात्री खाली ठेवली आणि पुढच्या सहलीला नाव नोंदवलं. पावसाळ्यात चार महिने जंगल बंद असतं. त्या आधीची ती शेवटची बस होती.

"मास्तर!" मला बघून त्याचे डोळे आधी हसले. मग त्यानं पिशवीतून तो शर्ट काढला, धुऊन घडी घातलेला. "तुम्ही याल असं वाटलं नव्हतं. पण आणून ठेवला होता."

"न वाटताच आणला?"

"म्हणजे... वाटलं होतं थोडं."

आमच्या दुकानात पावतीशिवाय कपडा घेत नाहीत. मापं घ्यायला घरोघरी जाते म्हणून पावतीपुस्तक माझ्या पर्समध्येच असतं. मी रीतसर पावती केली. शर्ट एक, बाह्या बदलणे. खाली 'द्यायची तारीख' म्हणून रकाना असतो, तिथे पेन थबकलं. जंगल बंद झाल्यावर हा शहरात कधी येणार? अमुक तारीख घालावी आणि त्याला नाहीच जमलं तर? रकाना मी कोराच ठेवला. कधीही या... असं मनातल्या मनात म्हटलं. पावतीवर ते लिहिता येत नाही.

त्यानं ती नीट घडी घालून खिशात ठेवली. मी खिडकीतून बाहेर बघत राहिले आणि दोन तास माझं मन हवेत होतं. चौकटीचं आत्ताच सांगायचं नाही, तिथेच सांगायचं, त्याचा चेहरा बघायचा, असं ठरवलं होतं.

त्या बसमध्ये एक निवृत्त मुख्याध्यापिका होत्या. सत्तरीच्या, हातात काठी, पायात कॅनव्हासचे बूट. चालायला आमच्यापेक्षा चपळ. गाभाऱ्यापाशी त्या सगळ्यांच्या आधी पोचल्या आणि तिसऱ्या पायरीवर उभ्या राहिल्या. अकरा वाजले. ऊन आलं.

तो खालून हलक्या आवाजात म्हणाला, "हजार वर्षं हे ऊन रोज येतं, रिकामी पायरी बघतं, परत जातं." मग थांबला. अगदी तेवढाच थांबला. त्यांच्याकडे पाहिलं. "आज त्याचा हेलपाटा वाचला."

"अय्या!" मुख्याध्यापिका म्हणाल्या.

मी खांबाआड होते. सगळं कळलं आणि एकदम इतकं हलकं हलकं, रिकामं वाटलं. पाठांतर! रोजचं, ठरलेलं, थांबण्यासकट. आणि मी मूर्ख, ते पंधरा दिवस उशाशी घेऊन झोपत होते. त्यानं वळून पाहिलं तेव्हा त्याला मी दिसले. तो काहीतरी बोलणार होता, मी चालायला लागले.

चौकटीपाशी पुन्हा तीच कहाणी, तेच टेकू. "चार बोटांची फट," तो म्हणाला.

"फट नाहीये ती," मी म्हटलं. सगळ्यांसमोर, आणि जितकं कोरडं बोलता येईल तितकं कोरडं. "आकडे घालणाऱ्याला उजवं-डावं कळत नव्हतं. तो बाहेर उभा राहिला आणि स्वतःच्या हातानं मोजत गेला. नकाशा काढणाऱ्यानं देवाचं उजवं धरलं होतं. दोन्ही बाजू उलट्या लागल्यात. तुमच्या शर्टासारख्या."

कुणीतरी हसलं. तो हसला नाही. त्यानं एक हात दगडावर ठेवला, वेलीच्या पानावरून अंगठा फिरवला, एकदा आत बघितलं, एकदा बाहेर. मग खालीच बसला.

"आकडे मी घातले होते," तो म्हणाला.

मला धरणीनं पोटात घ्यावं असं झालं. अकरा वर्षं हा माणूस इथे का थांबला ते तेव्हा समजलं. ती थट्टा नव्हती. मी पुढे झाले, "अहो..." म्हटलं, पण त्याचं माझ्याकडे लक्षच नव्हतं. तो एकेका दगडाशी जाऊन कडेला बोट लावून बघत होता, ओठांनी पुटपुटत होता. मुख्याध्यापिकांनीच मग काठी आपटून सगळ्यांना रांगेत बसपर्यंत आणलं. बसमध्ये त्यानं हात वर करून माणसं मोजली. माझ्यावरून नजर तशीच पुढे गेली. एकोणीस.

त्याचा शर्ट माझ्या पिशवीत राहिला.

बाह्या बदलायला अर्धा तास लागला. त्यानंतरचे चार महिने तो आमच्या दुकानात मागच्या दांडीवर टांगलेला होता. तयार झालेले आणि न नेलेले कपडे तिथे असतात. माझ्या टेबलावरून मान वर केली की बरोबर समोर. त्याला मीच दोनदा इस्त्री केली. घडी मोडली होती म्हणून. एकदा दुकानात कुणी नसताना त्याची बाही हातात धरून उभी राहिले आणि पावसाचं पाणी पत्र्यावर वाजत असताना सगळं आठवलं. ओढ्यातलं ते बोट, वर गेलेली फांदी, "म्हणजे... वाटलं होतं थोडं." हे तरी पाठांतर नव्हतं ना? की हेसुद्धा प्रत्येकीला? मला त्याची आठवण यायची तीसुद्धा रागावून यायची. राग ओसरला की नुसती यायची, आणि ते जास्त वाईट होतं. त्याचा नंबर नव्हता. सहलवाल्यांकडे मिळाला असता. पण मी का मागू? पावती त्याच्याकडे होती.

"न्यायला येत नाही का गं तो उलट्या बाहीचा?" मावशी विचारायची.

"येईल."

"तारीख काय दिलीस?"

मी पुढचं कापड टेबलावर पसरलं. मावशीनं चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि पुन्हा हिशोबाच्या वहीत मान घातली.

त्याच दिवसांत एक स्थळ आलं. माणूस चांगला होता. चहा घेताना नीट बोलला, माझ्या कामाबद्दल मनापासून विचारलं. त्याच्या शर्टाचं फिटिंगही उत्तम होतं, आणि ते बघून मला रडू यायचं बाकी राहिलं. त्यांनी हो की नाही ते कळवायला सांगितलं होतं. मी मावशीला म्हटलं, जंगल उघडेपर्यंत थांब. ती म्हणाली, "लग्न जंगलात करायचंय का तुला?" पण थांबली.

एकदा भर दुपारी मी रेशमी कापड कापत होते. मावशी गल्ल्यावरून म्हणाली, "समोरच्या फुटपाथवर एक माणूस केव्हाचा छत्री धरून उभा आहे. बस चुकली की काय त्याची?" कात्री कापडात असताना मान वर करायची नाही, हे मावशीनंच मला शिकवलंय. त्यातून ते रेशीम. मी तशीच कापत गेले. कापून झाल्यावर पाहिलं तर फुटपाथवर कुणी नव्हतं.

जंगल उघडलं. तो आला नाही.

पहिल्याच बसला मी गेले. शर्ट पिशवीत होता. मनाशी वाक्यं जुळवली होती. हा घ्या शर्ट, त्या दिवशी सगळ्यांसमोर बोलले ते चुकलं, निघते. एवढंच. परत आले की स्थळाला हो कळवायचं, हेही ठरवलं होतं.

तो बसमध्ये नव्हता! ड्रायव्हर म्हणाला, "तो तिकडेच असतो हल्ली, देवळांपाशी. तिथंच भेटेल." शेजारच्या सीटवर मात्र त्याच मुख्याध्यापिका. "तू ती उजवं-डावंवाली ना?" त्यांनी मला लगेच ओळखलं. "मी दर मोसमात येते. डॉक्टर नको म्हणतो म्हणून."

ओढ्यापलीकडे तो उभा होता. वाळला होता, हातांना जुन्या-नव्या खरचटण्या. मला बघितलं आणि त्याच्या तोंडचं "या मंडळी" अर्ध्यावर राहिलं. मग त्यानं पाऊल कुठं ठेवायचं ते दाखवायला बोट पुढे केलं.

गाभाऱ्यापाशी अकरा वाजले. मुख्याध्यापिकांनी हक्कानं तिसरी पायरी गाठली. ऊन आलं, पावसानं धुतलेलं, स्वच्छ. मी खांबाशी उभी होते.

तो काही बोललाच नाही.

मुख्याध्यापिका वाट बघून वैतागल्या. "अहो, इथे तुम्ही काहीतरी म्हणायचात ना? ऊन परत जातं वगैरे? मी घरी सुनेला सांगितलं होतं."

"म्हणायचो, बाई. आता म्हणत नाही."

"का बरं?"

तो जरा थांबला. हे थांबणं मी आधी ऐकलेलं नव्हतं. "ते एकाच माणसाचं होतं. मी सगळ्यांना वाटत होतो. मला उशिरा कळलं."

मुख्याध्यापिकांनी त्याच्याकडे बघितलं. मग खांबाकडे बघितलं. चाळीस वर्षं वर्गात चिठ्ठ्या पकडलेल्या बाई त्या! "चला, डबे उघडा सगळ्यांनी," त्या गरजल्या. "ओढ्याकाठी बसायचं. एकानंही इथे रेंगाळायचं नाही." जाताना काठीनं माझ्या पावलाला हळूच टोचलं. "तू थांब."

आम्ही चौकटीपाशी चालत गेलो, दोघंही खाली बघत. टेकू नव्हते. मान वर केली तर चौकट आपल्या पायांवर उभी होती, दोन्हीकडच्या वेली दाराकडे वळलेल्या.

"कार्यालयात जाऊन सांगितलं, चूक माझी आहे," तो म्हणाला. "साहेब म्हणाले, अकरा वर्षं झोपला होतात काय? मी म्हटलं, हो. मग माणसं मिळाली, साखळीची कप्पी मिळाली. भर पावसात उतरवली, अदलाबदल केली, चढवली. शेवटचा दगड बसला तेव्हा मागे वळून बघितलं, तुम्हाला सांगायला. तुम्ही कुठे असणार तिथे."

"मग शर्ट न्यायला का नाही आलात?" माझा आवाज वाटला होता त्यापेक्षा मोठा निघाला.

"आलो होतो." त्यानं खिशातून पावती काढली. घड्यांवर झिजून कापडासारखी मऊ झाली होती. "दुकानासमोर अर्धा तास उभा होतो. तुम्ही टेबलावर वाकून कापत होतात. एकदा जरी वर बघितलं असतंत तर आत आलो असतो. मग ही काढून बघितली. सगळ्यांच्या पावतीवर तारीख असते. माझ्याच नव्हती. म्हटलं, शिंप्यानं तारीख दिली नाही म्हणजे... या माणसानं येऊ नये."

छत्री. फुटपाथ. ते मेलं रेशीम!

"कात्री कापडात होती," मी म्हटलं, आणि डोळ्यांत पाणीच आलं. "मान वर करता येत नाही तेव्हा. आणि तारीख नव्हती म्हणजे कधीही या. कधीही! एवढं कळत नाही तुम्हाला?"

"नाही कळलं," तो म्हणाला. "मी सगळं माझ्या बाजूनंच बघतो. तुम्हाला माहीत आहे."

मी रडता रडता हसले. त्यानं रुमाल काढला, तो मळका निघाला, परत ठेवला.

"अजून एक सांगायचंय," तो म्हणाला. "तुम्ही पहिल्यांदा आलात तेव्हा मी ते वाक्य सवयीनंच म्हटलं. खोटं नाही बोलणार. रोज म्हणायचो. तुमच्यानंतर ते तोंडातून निघताना अडकायला लागलं, तरी रेटून म्हणत राहिलो. त्या दिवशी खांबाआडून तुम्ही बघितलंत ना... त्यानंतर म्हटलं नाही. मला तुम्ही आवडता, मास्तर. चार महिने या आवारात दुसरं काही सुचलं नाही. हे पाठ केलेलं नाही, बघा, किती वाईट बोलतोय."

खरंच वाईट बोलत होता. मध्येच थांबत होता, नको तिथे. माझ्या आयुष्यात मी इतकं चांगलं काही ऐकलेलं नव्हतं.

मलाही बोलायला हवं होतं. पण जुळवून आणलेलं एकही वाक्य आता उपयोगाचं नव्हतं. मी त्याच्या हातातली पावती घेतली, पर्समधून पेन काढलं, दगडी उंबऱ्यावर ती ठेवून कोऱ्या रकान्यात तारीख लिहिली. आजची. आणि पिशवीतून शर्ट काढून त्याला दिला.

त्यानं तो अंगातल्या बनियनवरच चढवला. बटणं लावली, हात वर केला. खांदा जागच्या जागी राहिला.

"काय म्हणतोय शर्ट?" मी विचारलं.

"गप्प आहे," तो म्हणाला. "पहिल्यांदाच."

लांबून डब्यांचे आवाज येत होते. मी चौकटीशी गेले आणि सवयीनं बोटं पुढे केली, पहिल्या वेळी जिथे सरकवली होती तिथेच. नख जाईल एवढीसुद्धा फट उरली नव्हती. अकरा वर्षांनी दगड दगडाला भेटला होता, आणि मला मेलीला उगीचच हुरहुर लागली.

"आता बोटं ठेवायला जागाच राहिली नाही," मी म्हटलं.

"आहे की," तो म्हणाला, आणि नीट लागलेल्या बाहीतला आपला उजवा हात त्यानं माझ्यापुढे उघडा धरला.

समोरून आलेला. माझ्या डाव्या हाताला लागून.